आईची मिदोरी

शेवंतीबाईंनी डोंबिवलीच्या एमआयडीसीत सव्वीस वर्षं औषधाच्या गोळ्यांची पाकिटं खोक्यांत भरली. घरीही त्यांचं सगळं उभ्यानेच. जेवणसुद्धा ओट्याला टेकून, वाढता वाढता. संचिता लहानपणी म्हणायची, "आई, गोष्ट सांग," तर उत्तर ठरलेलं: "अप्पांकडे जा. मला डाळ बघू दे." संचिता अप्पांकडे, वडिलांकडे, जायची. आई ही गोष्ट सांगणारी बाई नव्हेच, हे तिने तेव्हाच मान्य करून टाकलं होतं.

म्हणून त्या शनिवारी माजिवड्याच्या घरून अळूवड्या घेऊन ती माहेरी आली तेव्हा दारातच थबकली. आई पलंगावर चक्क आडवी झाली होती. शेजारी पालथी पडलेली ऐश्वर्या, भावाची, विनीतची बायको. दोघींच्या डोक्यांमध्ये एक जाडजूड पुस्तक, विटेएवढं.

"आई, अळूवड्या आणल्यात. गरम आहेत."

"ठेव ओट्यावर. एवढी मिदोरी स्टेशनात पोचू दे."

ऐश्वर्या एका जपानी कंपनीचं काम घरून करायची. तिकडच्या वेळेप्रमाणे पहाटे बसायची, दुपारी दोनला मोकळी. टोकियोला जाऊन आलेल्या कोणा मैत्रिणीने तिला तरुण बायकांसाठी निघणारं चित्रकथांचं मासिक आणून दिलं होतं. आता दर महिन्याला कोणी ना कोणी आणायचं. मिदोरी त्यातली, छत्र्यांच्या कंपनीत नोकरी करणारी. ऐश्वर्या फुग्यांतली वाक्यं मराठीत सांगायची आणि आई मिदोरीच्या नवऱ्याला मनसोक्त शिव्या द्यायची.

"मेला जेवणावरून बोलतो बघ परत," आई म्हणाली. "निघ गं बाई तू. घे ती बॅग."

"आई, तुम्ही पण गेलेलात ना अशाच," ऐश्वर्या हसत म्हणाली. "ताई दोन वर्षांच्या होत्या तेव्हा. शीळफाट्यापर्यंत."

संचिताच्या हातातला डबा तसाच राहिला. "कोण गेलेलं?"

ऐश्वर्याने जीभ चावली. "सॉरी ताई. मला वाटलं, तुम्हाला माहीत असेल."

"काही नाही गं," आई उठून बसली. "तुझ्या अप्पांनी पाहुण्यांसमोर ताट भिरकावलेलं. तुला कडेवर घेतली, गावची एसटी धरायला फाट्यावर गेले. दोन तास बसले आणि आले परत. जुनी गोष्ट आहे."

जुनी गोष्ट! अडतीस वर्षं पोटच्या मुलीला न सांगितलेली, आणि घरात येऊन तीन वर्षं न झालेल्या सुनेला दुपारी लोळत सांगितलेली. सासू-सुनेचं पटतं याचं मैत्रिणींत कौतुक सांगणारी संचिता त्या दिवशी अळूवडीला शिवलीही नाही. नसतं पटलं तर बरं झालं असतं, असं तिला स्वच्छ वाटलं. भांडल्या असत्या तर आईने रात्रंदिवस फोन तरी आपल्याला केले असते.

ती निघाली तेव्हा ऐश्वर्या चहा गाळत होती. संचिताने ते मासिक उचललं आणि पिशवीत टाकलं.

घरी आल्यावर खोलीचं दार लावून तिने ते उघडलं. नुसत्या रेघा, चौकटी, फुगे. एक अक्षर कळेना. इतक्यात आईचा फोन.

"पुस्तक तू नेलंस ना? पिशवीत टाकताना बघितलं मी."

संचिताने फोन दुसऱ्या कानाला लावला.

"ऐश्वर्याला म्हटलं, मीच दिलं. बरं, आता पुढचं सांग. स्टेशनात पोचली, मग?"

"मला कुठे जपानी येतं? तिलाच विचार की."

"चित्रं दिसतात ना? तू सांग."

संचिताने पानं चाळून मिदोरी शोधली. ही मासिकं उजवीकडून वाचायची असतात, हे ऐश्वर्याने आईला शिकवलं होतं. संचिताला कोण सांगणार? तिने नेहमीच्या सवयीने डावीकडून, म्हणजे शेवटाकडून, सुरुवात केली.

"गाडी उभी आहे. ही दारात आहे, बॅग घेऊन. आता फलाटावर आहे. बाकावर बसलीय. मग रस्ता... मग घराचं दार. आता नवऱ्यासमोर बसलीय. ताट आहे पुढ्यात."

"म्हणजे परत आली?"

"आलेली दिसते."

पलीकडे भांडं ठेवल्याचा आवाज झाला. मग आई म्हणाली, "कशाला आली गं?"

"ते कुठे लिहिलंय! तू का आलीस?"

"तू ऐकेनास." आईचा आवाज ओट्याजवळचा, रोजचाच. "एसटी समोर लागलेली. कंडक्टर म्हणाला, चढा ताई. तू जे अप्पा-अप्पा करून भोकाड पसरलंस, काळीनिळी पडलीस. म्हटलं, हिला तोडून कशी नेऊ? नंतर मोठी झालीस तरी तुझं अप्पा-अप्पाच. तुला हे काय सांगणार होते मी?"

संचिताने मासिक मिटलं. आईच्या राहून गेलेल्या त्या एसटीचं तिला वाईट वाटायला हवं होतं, आणि वाटलंही. पण त्याच्या आधी दुसरंच तोंडून निघालं.

"हे ऐश्वर्याला सांगितलंयस?"

"नाही. ती म्हणाली, का आलात परत? मी म्हटलं, एसटी चुकली."

"मग नको सांगूस."

"अगं, काय हे? लहान आहेस का?"

"नको सांगूस म्हटलं ना आई."

"बरं," आई म्हणाली. "नाही सांगत."