मोकळ्या जागेवरची माझी सही

माझं शुद्धलेखन चुकतं आणि अक्षरही खराब आहे, त्याबद्दल माफी असावी. शाळा चौथीपर्यंतच झाली. ही वही कोणाला दाखवायची नाही, तरी कोणाच्या हाती पडलीच तर आधीच सांगून ठेवते.

पाथर्डी फाट्याजवळ आमची कॉलनी आहे. आमच्या ओळीमागे लेआउटमधली, सगळ्यांसाठी सोडलेली मोकळी जागा होती. पोरं तिथं खेळायची, आम्ही बायका उन्हाळ्यात कुरडया वाळत घालायचो. कोपऱ्यातल्या बंगल्यातल्या गृहस्थांना सगळे भाऊ म्हणतात. त्यांनी आधी डुकरं येतात म्हणून तारेचं कुंपण घातलं. मग गेट केलं, गेटाला कुलूप. मग पत्रे टाकले, फरशी बसवली आणि लग्नाचा हॉल झाला. कोणी काही बोललं नाही. मीही नाही.

एक दिवस भाऊ कागद घेऊन दारात आले. "मावशी, हॉल आपल्या कॉलनीचाच आहे. इथं सही करा. हरकत नाही ना?"

"हरकत नाही," मी म्हणाले आणि सही केली. मला वाचायला वेळ लागतो, आणि माणूस दारात उभा असताना वाचत बसणं बरं वाटेना.

त्याच महिन्यात मुलीचं लग्न ठरलं. हॉलच्या भाड्याचे अकरा हजार भाऊंकडे आगाऊ भरले. त्यांनी पावती दिली.

मग शेजारच्या निवृत्त मास्तरांनी जागेसाठी कोर्टात दावा लावला. थोड्या दिवसांनी ते भाऊंनी कोर्टात दिलेल्या कागदाची झेरॉक्स घेऊन आले. "ताई, हे काय करून बसलात? पहिली सही तुमचीच."

कागदावर लिहिलं होतं की हॉल रहिवाशांना मोफत आहे आणि आमची त्याला काही हरकत नाही. मोफत हा शब्द मी दोनदा वाचला.

"मग मी पैसे कशाचे भरले?"

"कसले पैसे?"

मी डब्यातली पावती आणून दाखवली. मास्तर खाली बसले. ही पावती कोर्टात द्याल का, एवढंच त्यांनी विचारलं.

रात्री मिस्टर म्हणाले, "दे खुशाल. अकरा हजार गेले समज, आणि लग्न दीड महिन्यावर आलंय." ते चुकीचं बोलत नव्हते. पण माझ्या सहीच्या वर खोटं लिहिलेलं होतं, तेच टोचत राहिलं. दोन दिवसांनी पावती दिली.

भाऊंनी निरोप पाठवला, तुमची तारीख दुसऱ्याला दिली. लग्न आम्ही बुद्धविहारात लावलं. मंडळी मावली नाहीत, पंगती बाहेर रस्त्यावर बसल्या. मुलीची त्याबद्दल तक्रार नव्हती, जावयाच्या घरच्यांची होती.

साक्षीला वर्षभराने नंबर लागला. न्यायाधीश बाई होत्या. "जरा मोठ्याने बोलाल का?" म्हणाल्या.

"हरकत नाही," मी म्हणाले.

भाऊंचे वकील हसले. "बघा मॅडम, साक्षीदाराची आजही हरकत नाही." टाइप करणारा माणूसही हसला. माझे कान तापले.

मॅडमनी मला विचारलं, "तुम्ही हरकत नाही कधी म्हणता?"

"कोणी समोर उभं असलं की म्हणते. चहात साखर विसरली तरी म्हणते."

"आणि या जागेबद्दल?"

"जागा मोकळी पाहिजे. आणि हॉल मोफत नव्हता, मी पैसे भरलेत." इतकं मोठ्याने मी घरातही बोलत नाही.

निकाल मास्तरांच्या बाजूने लागला. महापालिकेने पत्रे उतरवले. फरशी अजून तशीच आहे.

निकालात माझ्या पैशांचं काही नव्हतं. वेगळा दावा लावा, असं मास्तर म्हणाले, पण मला परत त्या पिंजऱ्यात उभं राहायचं नव्हतं. मला मागताही येत नाही. म्हणून दर महिन्याच्या एक तारखेला मी भाऊंच्या गेटापाशी जाऊन उभी राहायचे.

"मावशी, लोक बघतात ना. आत तरी या," भाऊ म्हणायचे.

"नको, इथंच बरी आहे."

तिसऱ्या महिन्यात त्यांनी पाच हजार आणून दिले. मग दोन महिने काही नाही. त्यानंतर तीन हजार. दिवाळी झाल्यावर त्यांच्या मिसेस स्वतः गेटापर्यंत आल्या आणि उरलेले तीन हजार माझ्या हातात ठेवून आत गेल्या. अकरा हजार पूर्ण झाले.