बुडालेल्या देवीचा कौल

"गवा दिसला तर कुणी ओरडायचं न्हाई, आन उभं तर अजिबात राहायचं न्हाई," असं नाववाल्यानं बामणोलीच्या धक्क्यावरच सगळ्यांना बजावलं. पुण्याहून आलेली मंडळी शहाण्यासारखी माना डोलवत होती. मला गव्याशी काही देणंघेणं नव्हतं. तो रविवार होता, मंगळवारी सांगलीत आईचं ऑपरेशन ठरलेलं होतं, आणि आई अजून हो म्हणत नव्हती.

आईच्या छातीत उजव्या बाजूला गाठ. ती तिनं किती महिने पदराखाली झाकून ठेवली होती देव जाणे. मला कळलं ते तिच्या हातावरून. इस्लामपूरला माझ्याकडं राहायला आली आणि डाव्या हातानं केस विंचरायला लागली. जेवताना घास वर नेण्याऐवजी तोंड ताटाकडं न्यायची. "हात का गं असा धरलायस?" म्हटलं, तर म्हणे, "झोपताना आवघडला आसंल." मी ओढतच डॉक्टरकडं नेली. डॉक्टर माझ्याकडं बघून म्हणाले, "आता थांबू नका. अजून उशीर केला तर माझ्या हातात काही राहणार नाही." मी घराबाहेर कधी रडत नाही, पण त्या दिवशी जिन्यात बसून रडले. आई शेजारी उभी राहून मला पाणी प्यायला सांगत होती.

आणि घरी आल्यावर बाईसाहेब म्हणतात, "आईला इचारल्याबिगर मी न्हाई कापून घ्यायची."

आई म्हणजे तिच्या गावची देवी. गाव कोयनेच्या धरणात गेलं, तेव्हा ही परकर-पोलक्यातली पोर होती. सगळ्यांना उठवून सांगली जिल्ह्यात आणून वसवलं. नव्या गावात नवं देऊळ झालं, नवी मूर्ती आली. पण जुना तांदळा, म्हणजे देवीचा शेंदूर लावलेला दगड, तिथंच राहिला पाण्याखाली. कारण काय? तर हलवावा का म्हणून कौल लावला आणि देवी नाही म्हणाली. कौल म्हणजे देवीच्या दोन्ही बाजूंना ओलं फूल चिकटवायचं आणि मनातलं विचारायचं. उजवं फूल आधी पडलं तर हो, डावं पडलं तर नाही. एका माणसानं एका गोष्टीसाठी एकदाच विचारायचं, पुन्हा पुन्हा देवीला छळायचं नाही. हे सगळं मला लहानपणापासून ऐकून पाठ झालेलं, आणि आयुष्यात एकदाही कौल लावलेला नव्हता. माझा विश्वासच नव्हता.

"तवा गाव सोडू का म्हणून बी इचारलं हुतं," आई म्हणायची. "डावा दिला हुता. तरी आलो. तिचं ऐकलं न्हाई, म्हणून तुझा बा गेला, तुझा भाऊ गेला. आता पुन्ना न्हाई तिचा शबूद मोडायची."

"अगं, पाणी आलं होतं घरात! न येऊन काय बुडून मरायचं होतं?"

"त्ये मला ठावं न्हाई."

"मग नव्या देवळात लाव कौल. चालत जाण्यासारखं आहे."

"ती बिचारी नवी. तिला आमचं काय म्हाईत?"

माझं डोकंच उठलं. हात जोडले, पाया पडले, दोन दिवस अबोला धरला. ती नुसती डाव्या हातानं माझ्या पाठीवरून हात फिरवायची. शेवटी माझा नवरा म्हणाला, "मग न्या की त्यांना तिथं. प्लॅन बी." हा माणूस फौजेत हवालदार होता. सगळी नोकरी वाळवंटात नाहीतर डोंगरात काढली आणि पाण्याला असा भितो की विहिरीत डोकावत नाही. पण गाडी त्यानंच काढली. सुट्टीचे दिवस, सगळ्या नावा आधीच ठरलेल्या. जागा मिळाली ती एका अर्ध्या दिवसाच्या सफरीत. किनारा बघायचा, जंगल बघायचं, नशीब असेल तर गवे आणि ऊद बघायचे आणि दुपारपर्यंत परत. नाववाल्याला बाजूला घेऊन मी सगळं सांगितलं. म्हणाला, "वाटंतच हाय ताई. दोन मिनिटं इंजन बंद करू."

नवरा धक्क्यावरच थांबला. "मी चहा पितो, तुम्ही या जाऊन." "शूरवीर," म्हटलं मी, आणि आईला नावेत घेतलं. नाववाल्यानं हात पुढं केला, तर तिनं तो न धरता डाव्या हातानं धक्क्यावर रोवलेला बांबू पकडला आणि स्वतःच उतरली. तिच्या नववारीवर मी ते बुडू न देणारं नारिंगी जाकीट चढवलं. उजवा हात जाकिटातून काढताना तिचे ओठ पांढरे पडले. "दुखलं का?" "न्हाई."

नाव किनाऱ्याकिनाऱ्यानं निघाली. एका बाजूला तांबडी दरड, तिच्यावर पाण्यानं कोरलेल्या रेघा, आणि वर एकदम दाट जंगल. पुण्याच्या मंडळींत एक हॅटवाल्या बाई होत्या आणि त्यांचे यजमान, गळ्यात हातभर लांब कॅमेरा. खंड्या दिसला की कॅमेरा खडखडायचा. एका खडकावर उदांची जोडी ऊन खात पडली होती. आम्ही जवळ गेल्यावर ती अशी सुळकन पाण्यात गेली की तेवढ्यापुरती आईसुद्धा हसली. "आमी ह्यास्नी पाणमांजर म्हणायचो," ती म्हणाली. "नदीवर धुणं धुताना यायची. माशे पळवायची." हॅटवाल्या बाईंनी कौतुकानं विचारलं, "आजी, तुम्ही इथल्याच का?" आई म्हणाली, "व्हय. हितं खालच्या." आणि पाण्याकडं बोट दाखवलं. बाई वाकून पाण्यात बघायला लागल्या.

इंजिन बंद झालं. नाववाला इकडं बघतो, तिकडं बघतो. "माझा बा सांगायचा ह्या डोंगराच्या नाकासमोर म्हणून. हितंच कुटंतरी. औंदा पाणी लय हाय, न्हाईतर देवळाचं शिखर दिसतं." म्हणजे जागासुद्धा नक्की नाही! मी आईकडं बघितलं. ती म्हणाली, "चालंल. तिला ऐकू जाईल."

तिनं पिशवीतनं तांब्या काढला, वाकून पाणी भरून घेतलं, वर नारळ ठेवला. तिची देवी आता तो नारळच. खण पाण्यात सोडला. मग चाफ्याची दोन फुलं ओली करून नारळाच्या दोन बाजूंना टेकवली. उजव्या बाजूच्या फुलाला कुंकू लावलं, डाव्याला हळद. डोळे मिटले. कॅमेऱ्यावाल्यानं कॅमेरा खाली ठेवला, एवढा समजूतदार माणूस होता तो. आणि मी, विश्वास नसलेली मी, त्या कुंकवाच्या फुलाकडं बघत होते. पड. पड की गं बाई. पड.

आणि गवे आले. जंगलातनं चार-पाच, पायात पांढरे मोजे घातल्यासारखे, सावकाश पाण्याला उतरले. "ते बघ!" कुणीतरी किंचाळलं आणि अख्खी नाव एका बाजूला धावली. नाववाला ओरडतोय, "बसा! खाली बसा!" नाव कलली, तांब्या हिंदकळला आणि हळदीचं फूल माझ्या पायाशी येऊन पडलं.

डावा.

आईनं डोळे उघडले, फूल बघितलं, नुसतं "बरं" म्हणाली, नारळ उचलला तसं दुसरं फूलही खाली पडलं, आणि तिनं तांब्यातलं पाणी पाण्यात ओतून दिलं.

माझी तिडीक मस्तकात गेली. "बरं काय, बरं? हा कौल नाहीच! ही माणसं उठली म्हणून पडलं ते! अहो, कळत नाही का तुम्हाला, सांगितलं होतं ना उठू नका म्हणून? माझी आई मरायला लागलीय आणि तुम्हाला गवे बघायचेत?" मी त्या परक्या माणसांवर अशी ओरडले की गवेसुद्धा माना वर करून बघायला लागले. हॅटवाल्या बाईंच्या डोळ्यांत पाणी आलं. त्यांना बिचाऱ्यांना काय माहीत होतं?

"त्यास्नी कशाला बोलतीस," आई म्हणाली. "गवं तिचंच हायती. कशानं पाडायचं त्ये तिचं ती बघंल."

"तिचं ती बघेल? अगं, तिला स्वतःला पाण्यातनं वर येता येईना!"

"पोरी, तोंड आवर."

नाव वळली. म्हणजे झालं. ती घरी जाऊन भाकऱ्या थापणार, मंगळवार उलटणार, आणि मी रोज उठून तिचा तो अंगाला चिकटवलेला हात बघत बसणार. भाऊ असा डोळ्यांदेखत गेला होता. मला पुन्हा नाही बघायचं. कुणाच्या पाया पडू? डॉक्टरच्या पडले होते, हिच्या पडले होते. माझ्या पायाशी ती दोन फुलं भिजत पडली होती. मी ती उचलली, पाण्यात बुडवली आणि आईच्या जाकिटाच्या दोन्ही खांद्यांवर एकेक ठेवलं.

"ह्ये काय गं?"

"तुझं तू विचारलंस. आता मी विचारते. मी तिची लेक नाही का?"

आई माझ्याकडं बघत राहिली. काढून टाकेल असं वाटलं. नाही काढली. मी हात जोडले. मला शब्द येत नव्हते, घरातली म्हातारी माणसं गाऱ्हाणं घालायची तसं काही येत नव्हतं. मी मोठ्यानंच म्हणाले, सगळ्यांना ऐकू जाईल असं. "तू हिला सांभाळायचं सोडून एवढी वर्षं खाली बसून राहिलीस. आता मला माझी आई दे. देणार का नाही ते सांग."

आणि मग मला कळलं की मी काय करून बसले. उजवा हात तर ती हलवतच नव्हती! सगळी हालचाल डाव्याची. पदर सावरायचा डाव्यानं, बाक धरायचा डाव्यानं. डावं फूल पडायला कितीसा वेळ? बुद्धी गहाण टाकून बसले होते मी. नाव लाटेवर आपटली की मी आधी त्या डाव्या फुलाकडं बघायची.

पण फुलं राहिली. आई ताठ बसली होती, दोन्ही हात मांडीत. वारं सुटलं. तिचा पदर डोक्यावरून घसरून मानेवर आला. माझ्या उभ्या आयुष्यात मी तिला चारचौघांत उघड्या डोक्यानं बघितलेलं नव्हतं. वडील वारले त्या दिवशीसुद्धा पदर जागचा हलला नव्हता. तिचे विरळ पांढरे केस वाऱ्यावर उडत होते, आणि तिनं हात उचलला नाही. मी पदर सारखा करायला पुढं झाले तर म्हणाली, "ऱ्हाऊ दे. हात नगं लावू." हॅटवाल्या बाईंनी पाण्याची बाटली पुढं केली, ती मी घेतली, आणि ओरडल्याबद्दल माफी मागायची सोडून तशीच हातात धरून बसले.

धक्क्यावर माझा नवरा उभा होता. पाण्याला भिणारा तो माणूस अगदी कडेला येऊन, एक पाय नावेच्या काठाला लावून वाकला होता. "या मामी," म्हणाला आणि हात पुढं केला.

लग्नाला इतकी वर्षं झाली, आईनं जावयाच्या हाताला कधी हात लावलेला नाही. त्याच्यासमोर पदर डोक्यावर, नजर खाली, बोलणं दाराआडून. आता ती उघड्या डोक्यानं त्याच्यासमोर उभी राहिली. शेजारी तो बांबू होता, सकाळी धरलेला, डाव्या हाताशीच.

तिनं उजवा हात उचलला. आधी कोपरापर्यंत, मग खांद्यातनं. तिचा चेहरा इतका आवळला की माझ्या तोंडून "आई गं" गेलं. हात वर गेला, नवऱ्याच्या हातात पडला, आणि उजव्या खांद्यावरचं फूल घरंगळून नावेत माझ्या पुढ्यात आलं. भिजून कुंकू कधीच उतरलं होतं.

तिनं खाली वळून बघितलंसुद्धा नाही. धक्क्यावर उभी राहिली, डाव्या हातानं पदर डोक्यावर घेतला, तेव्हा ते दुसरं फूल पडलं. मी नावेतच बसून हमसून हमसून रडायला लागले, आणि नवरा बावचळून "काय झालं? अगं, काय झालं?" करत होता.

"काय न्हाई," आई त्याला म्हणाली. "जावयाला डावा हात कसा द्यायचा?" मग माझ्याकडं न बघता म्हणाली, "ऊठ आता. मंगळवारचं काय काय न्यायचंय, त्ये बघाय नगं?"