चाचांच्या खोलीतली परदानशीन

प्रिय तन्वी आणि रोहन,

गेल्या रविवारी व्हिडिओवर बोलताना तन्वीने मला तिच्या अभ्यासातलं एक चित्र दाखवलं. एक पंचकोनी कडं, त्याच्या पोटात अधिकचं चिन्ह आणि बाहेर लोंबणारं एक उणे. "आजी, हा रेणू कागदावर धड काढताच येत नाही. कसाही काढला तरी तो अर्धवटच. मेसोआयॉनिक म्हणतात याला." मी चष्मा पुसून नीट पाहिलं आणि म्हणाले, "ओळखते मी हिला. आमच्या मागच्या घरात राहायची." तन्वी, तू हसलीस, पण तुझी आई हसली नाही. नंतर तिने मला वेगळा फोन करून औषधं वेळेवर घेतेस ना, असं विचारलं. म्हणून हे लिहिते आहे. मी इंग्रजी शाळेत शिकले, पुढे पस्तीस वर्षं शिकवलं, आणि भुताखेतांवर माझा विश्वास नाही. हे आधीच लिहून ठेवते, कारण शेवटी लिहिलं तर तुम्हाला पटणार नाही.

सबंध निजामाच्या राज्यात ज्याने आयुष्यात कुणाला 'हो' किंवा 'नाही' असं एका शब्दात उत्तर दिलं नाही असा एकच माणूस होता, आणि तो औरंगाबादेत आमच्या मागच्या भिंतीपलीकडे राहत होता. माझ्या बाबांचे ते मित्र. बाबा वकील, हे इंटर कॉलेजात रसायनशास्त्र शिकवणारे, तेही उर्दूतून, कारण तेव्हा तसंच होतं. आम्ही मुलं त्यांना चाचा म्हणायचो. उंच, किडकिडीत, शेरवानीच्या बाह्यांवर आम्लाची भोकं पडलेली. आई विचारायची, "चाचा, चहा घेणार?" ते गंभीरपणे सांगायचे, "भाभी, घेतला तर बरं वाटेल, नाही घेतला तर वाईट वाटणार नाही. सच्चाई या दोहोंच्या मध्ये कुठंतरी बसलीय." आई मग त्यांना अर्धा कप द्यायची. ते बसायचेही उंबऱ्यावरच, एक पाय आत, एक बाहेर. "उंबऱ्यावर बसू नये हो," असं आईने दटावलं की म्हणायचे, "आत बसलो तर पाहुणा, बाहेर बसलो तर भिकारी. मी दोन्ही नाही, म्हणून इथं." एकदा कॉलेजचा ग्रुप फोटो निघाला. त्या काळी फोटोवाला काळ्या कापडात डोकं घालून 'हलू नका' म्हणायचा आणि सगळे श्वास धरायचे. चाचांनी नेमक्या त्याच वेळी मान इकडून तिकडे फिरवली. फोटो आला तेव्हा सगळे प्रोफेसर आपापल्या चेहऱ्यासह हजर होते, आणि चाचांच्या कॉलरच्या वर नुसता धूर होता. त्या धुरात पाहावं तसे चेहरे दिसत. एक हसणारा, एक रडवेला, आणि एक, आमच्यापैकी कुणीच कधी न पाहिलेला. प्रिन्सिपॉल चिडले. चाचा म्हणाले, "बाकी सब झूठे आए हैं."

त्यांच्या घराच्या टोकाला एक खोली होती. खिडक्यांना काळा कागद चिकटवलेला. तिथे ते कॉलेज सुटल्यावर आपले प्रयोग करायचे आणि तिथून सिरक्याचा, म्हणजे व्हिनेगरचा, इतका झणझणीत वास यायचा की शेजारच्या बायका लोणच्यासाठी वाटी पाठवायच्या. वाटी रिकामी परत यायची. आत दुसऱ्या कुणाला पाऊल टाकायची परवानगी नव्हती, चाचींनासुद्धा नाही. "विष आहे, बीबी," एवढंच ते सांगायचे, आणि ते खरंच होतं. दूर समुद्रापारच्या सिडनी शहरात कुणी एक नवा पदार्थ केला आणि त्याला शहराचंच नाव दिलं, सिडनोन, असं त्यांनी हैदराबादेहून आलेल्या एका मासिकात वाचलं होतं. तेव्हापासून त्यांनी त्याच कुळातला आपला स्वतःचा पदार्थ करायला घेतला होता. मेसोआयॉनिक हे नाव तेव्हा जन्माला यायचं होतं. चाचांनी स्वतःच नाव दिलं होतं, परदानशीन, म्हणजे पडद्याआड राहणारी.

का, तेही त्यांनी मला सांगितलं होतं, आमच्या अंगणात, मला आणि माझ्या मैत्रिणींना फेर धरून उभं करून. आम्ही पाच जणी. दोघी नायट्रोजन, दोघी कार्बन, मी ऑक्सिजन. एका कार्बनच्या पाठीला आणखी एक ऑक्सिजन, म्हणून माझ्या धाकट्या बहिणीला तिची वेणी धरायला लावली. मग आमच्या हातात एक चिंचोका दिला आणि मुठीमुठीतून फिरवायला सांगितलं. "आता सांगा, चिंचोका कुणाकडे?" बाहेरून पाहणाऱ्याला सांगताच येईना. "कागदावर काढायचं तर कुणाच्या तरी एकीच्या मुठीत तो दाखवावा लागतो. हिच्या दाखवा, तिच्या दाखवा. दहा चित्रं काढा. सगळी अफवा. तिने आपला खरा चेहरा कुणालाच दाखवलेला नाही." वर्गात ते म्हणे फळा भरून आकृत्या काढायचे, मग सगळ्या पुसायचे आणि कोऱ्या फळ्याकडे बोट दाखवून म्हणायचे, "अब देखो. अब वो बैठी है." पुढच्या बाकावरची मुलं मागच्या बाकावर जायची.

इथवर सगळं हसण्यासारखं होतं. पण चाचा त्या खोलीत जाताना खाकरायचे. घरच्या बायकांनी सावरून बसावं म्हणून पुरुषमाणूस जनान्याच्या दाराशी खाकरतो ना, तसे. खाकरून थांबायचे, मान जरा कलती करून, आतून कुणी काही म्हणतंय का ते ऐकत. कधी आत जायचे. कधी थोडा वेळ थांबून हळूच मागे फिरायचे आणि म्हणायचे, "आज नाही." मी भिंतीवर बसून हे कितीदा तरी पाहिलं आहे. भर दुपार असायची, कोंबड्या अंगणात टिपत असायच्या, आणि तरी ते "आज नाही" ऐकलं की माझ्या दंडावर काटा यायचा. कारण नाही म्हणणारं आत कोण होतं?

आमच्याकडे आणि त्यांच्याकडे धुण्याला गंगाबाई यायच्या. त्या आईला म्हणाल्या, "वैनी, तिथं बाई हाय. म्या बांगड्यांचा आवाज ऐकला."

"काहीतरीच. बाटल्या वाजल्या असतील," आई म्हणाली.

"बाटलीला 'तशरीफ रखिये' म्हणत्यात व्हय?"

गंगाबाईंना कळलं म्हणजे गल्लीला कळलं. चाची शेवटी ऐकणाऱ्या. गोऱ्या, ठेंगण्या, सदा काहीतरी निवडत बसलेल्या चाचींना मूलबाळ नव्हतं. लग्नाला बरीच वर्षं झालेली. अशा घरात दुसरी आणणं तेव्हा कुणाला नवल वाटत नसे, आणि दुसरीला बंद खोलीत ठेवणारा नवरा काही अगदीच ऐकिवात नव्हता असं नाही. चाचींनी सरळ विचारलं, "अंदर कोई है?" आणि या गृहस्थांनी, जन्मभराच्या सवयीने, खरं उत्तर दिलं, "है बी, और नै बी."

चाची आमच्या स्वयंपाकघरात येऊन रडल्या. "भाभी, एकच शब्द मागते मी. होय म्हटलं तर जाईन, नाही म्हटलं तर राहीन. हे मला मध्येच टांगून ठेवतात." बाबांनी चाचांना समजावलं. "अरे, सांग ना नाही म्हणून!" चाचा कळवळून म्हणाले, "वकीलसाब, नाही म्हटलं तर ती ऐकेल ना." बाबा घरी येऊन म्हणाले, या माणसाची वकिली करणं शक्य नाही.

मग पैठणहून चाचींचे दोघे भाऊ आले. जरीचा व्यापार करणारे, भरदार. उन्हाळ्याची दुपार होती. चाचींची ट्रंक भरून अंगणात आणली होती. कोयंडा बसत नव्हता, म्हणून मला वर बसवलं होतं. त्यामुळे पुढचं सगळं मी अगदी समोरून पाहिलं.

थोरले म्हणाले, "दूल्हेभाई, सीधी बात. अंदर कौन है?"

"भाईजान, ते सांगणं कठीण आहे."

"मग बाहेर आणा."

चाचांचा चेहरा उतरला. "तिला उन्हाची सवय नाही."

धाकट्या भावाने बाह्या सारल्या. चाची दारात उभ्या होत्या. चाचांनी त्यांच्याकडे पाहिलं, मग खोलीच्या दाराशी गेले आणि खाकरले. थांबले. इतका वेळ थांबले की दोघे भाऊसुद्धा नकळत माना कलत्या करून ऐकू लागले. मग चाचा आत गेले आणि मुठीत काहीतरी झाकून बाहेर आले. ट्रंकेवर, माझ्या मांडीशेजारी, त्यांनी एक अत्तराची कुपी ठेवली. आत पांढरी भुकटी, बारीक मिठासारखी.

"नमक?" धाकटा हसला. "दूल्हेभाई, मिठाशी निकाह लावलात?"

ऊन कुपीवर पडलं होतं. आधी काहीच झालं नाही. मग उन्हाकडच्या बाजूला एक सावली आली. कशाचीच सावली नव्हती ती. मी वर पाहिलं, पक्षी नव्हता, ढग नव्हता. सावली निळी झाली. आभाळाचा निळा नव्हे, फुलाचा नव्हे. करंगळीला दोरा घट्ट बांधला की नख जसं निळं पडतं, तो निळा. कुणी हात लावला नव्हता, कुणी विस्तव दाखवला नव्हता. ती निळाई एकेका कणातून पुढे सरकत होती, कुणी आतून उजेडाकडे येत असावं तशी. बाळांनो, भुतं अंधारात येतात असं मी ऐकलं होतं. भर उन्हात, पाच माणसांसमोर येणारं मी तेवढं एकच पाहिलं.

धाकटा भाऊ तोंडातल्या तोंडात दुवा पुटपुटू लागला. थोरले दोन पावलं मागे सरून म्हणाले, "बंद करो इसको."

"मैं कैसे बंद करूं, भाईजान? मैंने खोला नै. धूप ने खोला."

तेव्हा चाची पुढे आल्या. मला वाटलं, त्या कुपी उचलून दगडावर आपटणार. त्यांनी आपल्या ओढणीचं टोक त्या कुपीवर घातलं, चारी बाजूंनी नीट झाकलं आणि नवऱ्याकडे वळून म्हणाल्या, "बिचारीला सगळ्यांसमोर उघड्यावर उभं केलंत? शरम नै आई?" मग अगदी खालच्या आवाजात, "अब मेरा जवाब दो. दूसरी कोई है?"

माशाचा काटा अडकलेल्या माणसासारखं चाचांनी दोनदा तोंड उघडलं आणि मिटलं. मग म्हणाले, "नै."

एवढंच. पुढे 'लेकिन' नाही, मागे 'वैसे तो' नाही. वर मी लिहिलं की त्यांनी कुणाला एका शब्दात उत्तर दिलं नाही. तिथे हा एक अपवाद लिहून घ्या.

चाचींनी मला ट्रंकेवरून उतरवलं. "भाईजान, जेवून जा. मी येत नाही." थोरले कुपीकडे बोट दाखवून म्हणाले, "और ये?" चाची म्हणाल्या, "जिसका अपना एक चेहरा नै, वो मेरी जगह क्या लेगी?"

त्या दिवसापासून कुपी चाचींच्या ट्रंकेत, ओढणीच्या तुकड्यात गुंडाळून राहू लागली. अंधारात ती हळूहळू पुन्हा पांढरी व्हायची. आता चाचांना ती पाहायची तर चाचींपुढे खाकरावं लागे, आणि चाची सुपारी कातरत सांगायच्या, "बेगमसाहिबा आराम कर रहे. आज नै." गंगाबाई गल्लीला सांगत फिरल्या, "चाचीनं सवतीलाच ट्रंकेत कोंडलं बगा!"

पुढे राज्य गेलं, स्टेशनवरच्या पाट्या बदलल्या, कॉलेज उर्दूतून इंग्रजीत आलं. काही सिडनोन उन्हात निळे होतात आणि अंधारात पुन्हा विरतात, हे नंतर परदेशातल्या लोकांनी रीतसर लिहिलं. चाचांनी कुठे लिहून पाठवलं नाही. मासिकवाले एकच आकृती मागतात, अशी त्यांची तक्रार होती. ते गेले तेव्हा मी नोकरीनिमित्त बाहेरगावी होते. भेटायला आले तेव्हा चाचींनी दार लावून मला जवळ बसवलं. म्हणाल्या, "ज्या दुपारी यांना नेलं, त्या दुपारी मी ट्रंक उघडली. खिडक्या बंद होत्या. ती निळी होती, बेटा. पूरी नीली. बंद ट्रंकेत ऊन कुठून आलं?" मला शिकलेली म्हणून विचारत होत्या. झाकण फटीने उघडं राहिलं असेल, कवडसा पडला असेल, रडून डोळे दुखत असतील, ही सगळी उत्तरं माझ्या तोंडाशी आली. मी हो म्हटलं नाही, नाही म्हटलं नाही. त्यांनी माझा हात थोपटला, आणि मला वाटतं त्यांना त्या घरात पुन्हा एकदा कुणीतरी ओळखीचं बोलल्यासारखं वाटलं. निघताना त्यांनी कुपी माझ्या पिशवीत घातली. "हिला एकटं ठेवू नको."

तन्वी, परीक्षेत एकच आकृती मागितली तरी दोन काढ आणि मध्ये दोन टोकांचा बाण काढ. मास्तर समजूतदार असतील तर गुण देतील.

चाचांचं घर आता नाही. तिथे मोबाईलची दुकानं आहेत. त्यांचा फोटो नाही, म्हणजे आहे, पण त्यात धूर आहे. कुपी आहे. माझ्या कपाटात, टॉवेलांच्या मागे, चाचींच्या ओढणीत. तुझा फोन झाल्यावर मी ती गॅलरीत उन्हात ठेवली. आता सगळी निळी होत नाही. बराच वेळ लागतो, आणि मग एकाच कोपऱ्यात, नखाएवढी, निळाई येते. कपाट उघडण्याआधी मी खाकरते.