उस्तादजींची बायको

फरीदाबादमध्ये पन्नाशीच्या पुढची एखादी बाई सफाईने गाडी चालवताना दिसली, की ती माझ्या सासऱ्यांची विद्यार्थिनी असण्याची बरीच शक्यता असते. ही बढाई नाही. बाबांबरोबर बाजारात गेलं की कुणीतरी गाडीची काच खाली करतंच. "उस्तादजी, नमस्ते! पहचाना?" बाबा ओळखतात. कुणाचा क्लच कच्चा होता आणि कोण चौक आला की डोळे मिटून घ्यायची, ते त्यांना अजून आठवतं. त्यांच्या शेजारी माझ्या सासूबाई, कृष्णाबाई, भाजीची पिशवी धरून उभ्या असतात. त्यांना गाडी चालवता येत नाही.

लग्न होऊन या घरात आले तेव्हा इंद्रजितने, माझ्या नवऱ्याने, हे मला गंमत म्हणून सांगितलं होतं. मी हसलेही. मग लक्षात आलं, की हसण्यासारखं त्यात काहीच नाही. तेव्हापासून तो विषय निघाला की माझ्या डोक्यात तिडीक जाते, आणि सासूबाईंच्या, म्हणजे आईंच्या, चेहऱ्यावरची रेषही हलत नाही. त्यांच्या वाटणीचा राग बहुधा माझ्याकडे आला आहे.

आई कराडजवळच्या गावातल्या. लग्न होऊन थेट अंबाल्याच्या कॅन्टोनमेंटमध्ये आल्या. बाबा, म्हणजे खंडेराव, फौजेत ड्रायव्हर होते, पुढे नव्या रंगरुटांना ट्रक चालवायला शिकवणारे उस्ताद झाले. अंबाला, जबलपूर, दिल्ली कॅन्ट असं बिऱ्हाड हलत राहिलं. पेन्शनीवर आल्यावर त्यांनी फरीदाबादच्या एका कारखान्यात नोकरी धरली. ते दिवस असे होते, की काल स्कूटरला किक मारणारा माणूस आज दारात मारुती उभी करत होता. गाड्या आल्या, पण चालवणार कोण? नवरे कारखान्यात, मुलांच्या शाळा दूर, नव्या सेक्टरांतून बस धड मिळत नव्हती. बाबांनी नोकरी सोडली, एक जुनी मारुती घेतली, तिच्या डोक्यावर लाल अक्षरांची पाटी चढवली आणि मोटर ट्रेनिंग स्कूल काढलं. ते धो धो चाललं.

पण एक अडचण आली. परक्या पुरुषाबरोबर बंद गाडीत घरची सून एकटी पाठवायला लोक तयार होईनात. बाबांनी उपाय काढला: बायकांच्या तासाला मागच्या सीटवर आपली बायको बसवायची. म्हणजे सासवा निश्चिंत, नवरे निश्चिंत, धंदा जोरात. सकाळचा स्वयंपाक उरकून आई मागे जाऊन बसायच्या. सेक्टरांमागून सेक्टर फिरायच्या. शिकणारी रडायला लागली की मागून तिच्या खांद्यावर हात ठेवायच्या, घरी आणून तिला चहा पाजायच्या. अशी कितीतरी वर्षं गेली. निम्मं फरीदाबाद त्यांच्या डोळ्यांदेखत गाडी शिकलं. दिव्याखाली अंधार म्हणतात, इथे तर दिव्याच्या मागच्या सीटवरच अंधार बसवून ठेवला होता.

त्यांनी एकदा विचारलं होतं. मारुती आली त्याच वर्षी. "मलाही शिकवा ना." बाबा म्हणाले, "तुला कुठं जायचंय?" हे आईंनी मला मटार सोलता सोलता सांगितलं, आणि पुढचा मटार हातात घेतला. मी म्हटलं, "आणि तुम्ही काय म्हणालात?" त्या म्हणाल्या, "काय म्हणणार? खरंच कुठं जायचं होतं मला?" जराशाने हळूच पुढे म्हणाल्या, "पण हात शिवशिवायचे गं." तेवढंच. मला मात्र ते सालांसकट पातेलं उचलून आपटावंसं वाटलं.

आता माझ्या गाडीचं सांगते, कारण सगळं तिच्यामुळे घडलं. नहरपारच्या, म्हणजे कालव्यापलीकडच्या, सोसायटीत राहायला आल्यावर मी एक उंच क्रॉसओव्हर घेतली. ऑटोमॅटिक, हँडब्रेकसुद्धा बटणाचा. गेल्या हिवाळ्यात ब्रेक दाबला की मागून कर्रकर्र आवाज यायला लागला. सर्व्हिस सेंटरवाला गाडीला हातही न लावता म्हणाला, पॅड गेले, डिस्क पण बदलावी लागेल, दोन दिवस गाडी सोडा. मी विचारलं, डिस्कला काय झालंय? दाखवा. तर तो मुलगा हसून म्हणाला, "मैडम, आप सर को भेज दीजिए, उनको समझा देंगे." गाडी माझी, चालवते मी, आणि समजावणार कोणाला, तर त्या क्षणी बेंगळुरूला मीटिंगमध्ये बसलेल्या इंद्रजितला! मी चावी उचलली आणि घरी आले.

बाबांनी ऐकलं आणि तेही तापले. "पॅड बदलायला दोन दिवस? लूट आहे नुसती. आपण घरी करू. बिल्कुल घरी." कंबरेच्या पट्ट्यामुळे त्यांना वाकता येत नाही. म्हणून ठरलं, की ते सांगतील आणि मी करीन. रविवारी सकाळी सोसायटीच्या पार्किंगमध्ये मी जुना पंजाबी ड्रेस घालून बसले. बाबा प्लास्टिकच्या स्टुलावर. आई चहाचा थर्मास घेऊन खांबाला टेकून उभ्या.

शिकवायला बाबांसारखा माणूस नाही, हे मला कबूल केलंच पाहिजे. पुढच्या चाकांना विटा लावायला लावल्या. चाकाचे नट गाडी जमिनीवर असतानाच सैल करून घेतले. मग जॅक, मग गाडीखाली आधाराला लोखंडी घोडी, "जॅकवर भरवसा नाही ठेवायचा बेटा, कधीच नाही." बटण दाबून हँडब्रेक सोडवला. चाक उतरलं. आत चकचकीत डिस्क, आणि तिला दोन्हीकडून चिमटीत धरणारा कॅलिपर. त्याचे दोन बोल्ट काढले, कॅलिपर तारेने वर टांगला आणि पॅड बाहेर ओढले. एकाची नखाएवढीही जाडी उरली नव्हती. डिस्कवरून बोट फिरवून बाबा म्हणाले, "हिला काही धाड भरलेली नाही." सर्व्हिस सेंटरवाल्याला मी मनात एक शिवी दिली आणि मग ती हळू आवाजात उच्चारलीही. बाबांनी ऐकलं नाही असं दाखवलं.

घोडं अडलं ते पुढे. बाजारातून आणलेले नवे पॅड जाड, म्हणून ते दाबणारा कॅलिपरमधला पिस्टन आधी आत ढकलावा लागतो. मी क्लॅम्प लावून पिळत होते, पिस्टन ढिम्म हलेना. बाबा म्हणाले, "जोर लाव." मी जोर लावला. "और जोर." मला भीती वाटली, म्हणून मी हात पुसून मोबाईलवर गाडीचं पुस्तक उघडलं. त्यात स्पष्ट लिहिलं होतं: बटणाच्या हँडब्रेकची मोटर त्या पिस्टनच्या मागेच असते. ती पूर्ण मागे घ्यायला गाडी चालू करून, ब्रेकवर पाय ठेवून, बटण ठरावीक रीतीने धरून ठेवायचं. नुसत्या ताकदीने दाबलं तर मोटर तुटेल.

"पुस्तकं वाचून ब्रेक बसत नाहीत," बाबा म्हणाले. पण क्लॅम्प मात्र सोडायला लावला. कॅलिपर सुटा असताना ब्रेक दाबला तर पिस्टनच बाहेर येईल, हे त्यांना पुस्तकाशिवाय माहीत होतं. म्हणून जुने पॅड परत आत, कॅलिपर जागेवर, चाक लावलं, गाडी खाली. एवढी मेहनत उलटी करताना ते कंपनीला, बटणाला आणि सगळ्या नव्या जमान्याला बोल लावत होते.

आता कुणीतरी आत बसून पाय आणि बटण सांभाळायचं, आणि बाबा मागच्या चाकाशी कान लावून मोटरचा आवाज ऐकणार. खरं सांगते, हात पुसून मी बसू शकले असते. पण खांबाला टेकलेल्या आई मला दिसत होत्या. सगळं बघत होत्या, तीस वर्षं बघतात तसं. मी म्हटलं, "माझे हात तेलकट आहेत, सीट खराब होईल. आई, तुम्ही बसा."

बाबा हसले. वाईट हेतूने नाही, आणि त्याचाच मला जास्त राग आला. "तिला काय कळतंय त्यातलं? गाडी भिंतीवर घालेल."

"सरळ बसायचंय आणि पाय दाबायचाय, बाबा. कळेल त्यांना."

"अगं, पण तिनं कधी..."

"तिनं कधी नाही, कारण तुम्ही कधी नाही," मी म्हटलं. सासऱ्यांशी या स्वरात मी पहिल्यांदाच बोलले. पलीकडे गाडी धुणारा माणूस पाण्याचा नळ बंद करून बघायला लागला.

आईंनी थर्मास खाली ठेवला. चपला नीट केल्या, दार उघडलं आणि आत बसल्या. मग त्यांचा हात सीटखाली गेला, सीट पुढे सरकली. आरसा त्यांनी आपल्या उंचीला आणला. पट्टा ओढून लावला. ओठ हलत होते. मी खिडकीशी होते, मला ऐकू आलं: "सीट, शीशा, बेल्ट, गियर देखो, अब चाबी." एकेक शब्द बाबांचा, सूरसुद्धा त्यांचाच. चाकाशी कसेबसे वाकलेले बाबा झटकन सरळ झाले. कंबरेचं दुखणं त्यांना आठवलंच नसावं.

"ब्रेकवर उजवा पाय," आईच म्हणाल्या. "चेतना, बटण किती वेळ धरायचं ते सांग."

मी सांगितलं. त्यांनी धरलं. मागच्या चाकातून घुर्र आवाज आला आणि थांबला, समोर पिवळा दिवा लुकलुकायला लागला. बाबा म्हणाले, "झालं." आवाज अगदी बारीक होता.

पुढचं काम भरभर झालं. पिस्टन लोण्यासारखा आत गेला. दोन्ही बाजूंना नवे पॅड बसले, चाकं चढली. आई जागच्या हलल्या नव्हत्या. पुस्तकाप्रमाणे बटण पुन्हा पूर्ववत केलं. मग बाबांनी ब्रेक दाबायला सांगितला, तर पहिल्या दाबाला पेडल भसकन तळाला गेलं. मी घाबरले. आई घाबरल्या नाहीत. त्या दाबत राहिल्या, पेडल हळूहळू घट्ट झालं. "आता दगड झाला," त्या म्हणाल्या.

"उतर आता," बाबा हात पुसत म्हणाले. "मी एक चक्कर मारून बघतो."

आई उतरल्या नाहीत. "गाडी चेतनाची आहे," त्या म्हणाल्या. "ती सांगेल कोण चालवणार ते."

"लायसन्स नाही तुझ्याकडे."

"पार्कभोवती एक फेरी, बाबा," मी म्हटलं. "गेटच्या आत. आईच चालवतील. तुम्ही शेजारी बसा."

आणि मी मागे जाऊन बसले. बाबा काही क्षण गाडीबाहेर उभे राहिले, मग बसले. बसल्यावर मात्र त्यांच्यातला उस्ताद त्यांना आवरेना. "हळू सोड ब्रेक. नुसता सोड, रेस नाही. बस्स. आता दाब. पुन्हा सोड." गाडी सरकत, थांबत, सरकत पार्ककडे निघाली. आईंची मनगटं ताठ होती, पण वळणावर त्यांनी इंडिकेटर दिला, तो बाबांनी सांगायच्या आधी. शिकवायच्या गाडीत उस्तादाच्या पायाखाली वेगळा ब्रेक असतो. या गाडीत तो नव्हता, आणि बाबांचा पाय पायपुसण्यावर सारखा दाबला जात होता. स्पीडब्रेकर आला. आईंनी पाय दाबला. गाडी आवाज न करता, धक्का न देता उभी राहिली. कर्रकर्र नाही, काही नाही.

आई स्टिअरिंगकडे बघत म्हणाल्या, "एवढंच होतं?"

बाबांनी पायपुसण्यावरचा पाय मागे घेतला.

"नाही, मी विचारते. एवढंच होतं हे? एवढ्यासाठी मला मागे बसवून ठेवलंत?"

"तू परत कधी विचारलं नाहीस," बाबा म्हणाले.

"एकदा विचारलं होतं. त्या सगळ्यांना तुम्ही सांगायचात, शरमाओ मत, दस बार पूछो. मागे बसून मी रोज ऐकायचे. मला का नाही सांगितलंत?"

बाबांनी खिडकीतून बाहेर बघितलं. पार्कमध्ये कुणी फुटबॉल खेळत होतं. मग समोरच्या काचेकडे वळून नेहमीच्या उस्तादी आवाजात बोलायचा प्रयत्न करत म्हणाले, "ब्रेकवरून पाय काढ. पुढे डावीकडे वळायचंय."

"आधी उत्तर," आई म्हणाल्या.

मागून एक गाडी आली, तिने हॉर्न दिला, मग पुन्हा दिला. आईंनी आरशात बघितलं आणि ब्रेकवरचा पाय तसाच ठेवला.