सातवा ठिपका

माझ्या दिवंगत मित्राविषयी जे सांगितले जाते, त्यातले निम्मे खोटे आहे आणि उरलेले निम्मे सांगणाऱ्यांना समजलेले नाही. तो भ्रमिष्ट झाला नव्हता. मी त्याला चढवले, हेही खरे नाही. पस्तीस वर्षे मी सोलापुरात भौतिकशास्त्र शिकवले; कोणाच्याही कल्पनेला मान डोलावण्याची मला सवय नाही.

तो चादरींच्या मागासाठी कार्डे पाडत असे. चादरीची नक्षी आधी चौकटीच्या कागदावर रंगवतात. ज्या चौकोनात रंग, तिथे पुठ्ठ्याच्या कार्डाला भोक. अशी शेकडो कार्डे ओवून त्यांची माळ मागावर चढते आणि माग एका वेळी एकच कार्ड वाचतो. त्याचा काळाविषयीचा सिद्धान्त यातूनच निघाला होता. काळाची माळही अशीच अखंड, दोन्ही टोके एकमेकांना शिवलेली. समोर आलेल्या कार्डाला आपण ‘आज’ म्हणतो, इतकेच. “फुडचं कार्ड मागंबी लटकतंयच की, सर,” तो म्हणे. म्हणून जी चूक उद्या व्हायची आहे, तिचा डाग कालच्या कापडावरही उमटू शकतो, असे त्याचे प्रतिपादन होते.

हा सिद्धान्त त्याने एका वहीत चौकोन रंगवून मांडला आणि दोन वर्षांपूर्वी ती वही माझ्याकडे आणून दिली. मी ती उत्तरपत्रिकेसारखी तपासली. जिथे तर्क तुटत होता, त्या चौकोनावर लाल पेन्सिलीने खूण केली आणि वही परत पाठवली. कार्ड पाडणाऱ्याच्या लेखी रंगलेला चौकोन म्हणजे हुकूम, हे माझ्या ध्यानात आले नाही. त्याने माझ्या खुणांनाही भोके पाडली आणि त्या माळेवर चादर विणली; माझी प्रत्येक खूण तिच्यावर नक्षीबाहेरचा ठिपका होऊन उतरली. गेल्या हिवाळ्यात तो गेला.

इथपर्यंत सगळ्यांचे एकमत आहे. वाद आहे तो ती चादर माझ्या घरी कधी आली, याचा. त्याची पत्नी म्हणते, वहीनंतर. माझा मुलगा तेच म्हणतो. मी म्हणतो, त्याच्या कितीतरी आधी. कारण माझी पत्नी जाऊन चार वर्षे झाली आणि शेवटच्या आजारपणात ती हीच चादर पांघरत होती.

दुपार होती. निळ्या नक्षीवरून बोट फिरवत ती म्हणाली, “अहो, तुमच्या मित्राचा हात कधी चुकत नाही ना? मग नक्षीत न बसणारे हे ठिपके मोजा. सात आहेत.” मी मोजले. सातच होते. दुसऱ्या दिवशी मोठ्या तोऱ्यात मी त्याला ते ऐकवले. तो हसला नाही. “चूक कशी म्हणता, सर? तुमी अजून खूण कुटं केलीय?”

“बाबा, आईची चादर हिरवी होती,” मुलगा म्हणतो. चहा ढवळता ढवळता म्हणतो. त्याचे मानले, तर ते बोट, तो आवाज, तिने केलेली ती शेवटची चेष्टा, यातले काहीच घडलेले नाही. हल्ली दुपारी मी चादर पलंगावर पसरतो, तेव्हा ती एका जागी किंचित दबलेली दिसते. सून म्हणते, शेजारचे मांजर येते. मांजराचे केस मी शोधले. नाहीत.

अखेर गेल्या रविवारी चादर काखेत मारून मी मित्राच्या घरी गेलो. त्याची पत्नी सूप मांडीवर घेऊन विड्या वळत बसली होती.

“आलात भांडायला?”

“वही दाखवा.”

तिने वही आणली. जमिनीवर चादर, शेजारी वही. माझ्या लाल खुणा मी तीनदा मोजल्या. सहा. चादरीवर ठिपके सात. सातव्या ठिपक्याच्या जागी वहीत कोरा चौकोन होता.

“शेवटी हात कापायचे हो त्यांचे,” ती म्हणाली. “एक भोक जास्तीचं पडलं असंल.”

“त्याच्या हातून आयुष्यात एक भोक जास्तीचे पडलेले नाही.”

“संसार तुमी केलात का मी?”

तिने आणखी दोन विड्या वळल्या आणि वही माझ्याकडे सरकवली. “न्या ही. हितं कोण वाचणार हाय?”

वही आता माझ्या टेबलावर आहे. त्या कोऱ्या चौकोनावर एक लाल खूण केली, की चादर निदान त्या खुणेच्या आधीची ठरेल; मग मुलालाही ते नाकारता येणार नाही. एक ठिपका आधीचा ठरला, तर सातही का ठरू नयेत? परंतु हवे ते उत्तर डोळ्यांपुढे ठेवून निरीक्षण लिहिणाऱ्या विद्यार्थ्याची प्रयोगवही मी त्याच्यादेखत फाडत असे. ते मी विसरलेलो नाही.

आज दुपारी चष्मा लावून पाहिले. दबलेली जागा बोटाएवढीच आहे, आणि ती सातव्या ठिपक्यावर आहे.

लाल पेन्सिलीला मी टोक काढले आहे. ती बोथट झाली होती, म्हणून. घरात कोणी दुसरे काही सांगितले, तर ते खोटे आहे.