वेसनाच्या सिनेमातली केसरबाई

वेसना चितेगावात गाडीतून उतरली तेव्हा पैठण रस्त्यावरची वाहतूक दोन्ही बाजूंनी थांबली, कारखान्याचा भोंगा वाजायचा विसरला आणि केसरबाईच्या चाळीसच्या चाळीस मेंढ्यांनी रवंथ सोडून माना वर केल्या, असं केसरबाई सांगते. तिच्या सांगण्यात मेंढ्या दरवर्षी वाढतात, तेवढं सोडून द्यावं. सहा फूट उंच, चंदेरी केसांची ती बाई तरातरा चालत आली आणि तिनं केसरबाईच्या दोन्ही गालांचे मुके घेतले. केसरबाईच्या नवऱ्यानं पंचवीस वर्षांत एवढी घाई कधी केली नव्हती. जनावरांच्या दवाखान्याची मोठी डॉक्टरीण असावी असं समजून केसरबाईनं आधी लंगडी मेंढी पुढं केली.

वेरूळला पाहुण्यांना लेणी दाखवणाऱ्या इंद्रजीतनं खुलासा केला. ही मॅसिडोनियाची नटी, सिनेमाच्या चित्रीकरणाला आलेली. तो देश ग्रीसच्या वर आहे, असंही त्यानं सांगितलं. लासूर स्टेशनच्या पलीकडं कुठंतरी, एवढं केसरबाईनं धरून ठेवलं.

वेसना तंबाखू पिकवणाऱ्याची मुलगी. विशीत नायिका झाली, तिशीत नायकाची बायको आणि चाळिशीत थेट त्याची आई. तीस वर्षांत ती पडद्यावर अकरा वेळा मेली होती, त्यातली तीन मरणं क्षयाची. तिच्या देशात रस्त्यावर सगळे तिला ओळखत, पण साबणाच्या जाहिरातीतली बाई म्हणून. या सिनेमात शेवटपर्यंत जिवंत राहायचं होतं, म्हणून ती खूश होती. लेणी पाहायला आलेला मुलगा हरवतो, आई शोधत येते आणि विहिरीवर एक मेंढपाळ बाई नुसत्या चेहऱ्यानं तिला सांगते की तो आता येणार नाही. तो चेहरा दिग्दर्शकाला केसरबाईत सापडला.

केसरबाई हरखली. थोरली जाऊ लीलाबाई वीस वर्षं म्हणत आली होती, "तुझं तोंड पाहून मेंढ्यांचं दूध आटतं." आता तेच तोंड टीव्हीवर येणार आणि लीलाबाईला ते समोर बसून पाहावं लागणार. याखेरीज केसरबाईला सिनेमाकडून काही नको होतं.

लीलाबाईनं घराण्याची अब्रू राखायला आपला नवरा, काकासाहेब, चित्रीकरणाला पाठवला. मान म्हणून त्यांना कॅमेऱ्याशेजारची खुर्ची मिळाली. थोरल्या दिरासमोर, म्हणजे भायांसमोर, पदर हनुवटीपर्यंत ओढायचा, ही केसरबाईच्या माहेरची शिस्त. इशारा झाला की ती मान वर करी, समोर काकासाहेब दिसत आणि पदर खाली येई. असं सात वेळा झालं. इंद्रजीतनं काकासाहेबांना चहाला बोलावलं, तर त्यांनी चहा खुर्चीवरच मागवला. मग त्यानं केसरबाईला विनवलं.

"भाया बसलेत ना समोर," ती पदराआडून म्हणाली. "सिनेमा आज हाय, उद्या जाईल. भाया घरीच राहत्यात."

आठव्या वेळी दिग्दर्शकानं कपाळावरचा हात खाली घेतला आणि जाहीर केलं की हेच पाहिजे होतं, दुःखाला चेहरा नसतो. कलावंतांना हार मानायची अशी सोय असते. वेसना मात्र खरोखर रडत होती. इंद्रजीतनं तिचं बोलणं मराठीत आणलं, "तीस वर्षं तोंड दाखवून मला जे जमलं नाही, ते हिनं झाकून केलं."

केसरबाईला त्या कौतुकाचं काय करावं ते कळेना. तोंड नाही तर नाही, बाई तर आपणच आहोत, ते तरी लीलाबाईला मान्य करावं लागेल, अशी तिनं मनाची समजूत घातली.

वर्षभरानं इंद्रजीतनं सिनेमा काकासाहेबांच्या टीव्हीवर लावला. निम्मं गाव जमलं. विहीर आली, वेसना आली, पदर आला. लुगडं सिनेमावाल्यांचं होतं. मेंढ्याही परक्या होत्या, कारण केसरबाईच्या मेंढ्या कॅमेऱ्यात तोंड खुपसत.

"ह्यात तू कुठं हायेस गं?" लीलाबाईनं विचारलं.

इंद्रजीतनं शपथेवर सांगितलं, पण तो पाहुण्यांना रोज काय काय सांगतो हे गावाला ठाऊक होतं. स्वयंपाकघराच्या दारातून केसरबाई म्हणाली, भायांना विचारा. सगळ्यांनी काकासाहेबांकडं पाहिलं. ते आयुष्यात खोटं बोललेले नव्हते.

"तिथं पदर घेतलेली बाई व्हती," ते म्हणाले. "घरीबी पदर घेतलेली बाई हाय. धाकटीचं तोंड म्या लग्नापासून पाह्यलं नाय. दोघी एकच हायेत, ह्याची शपथ कशी घेऊ?"

सिनेमा संपला, नावं सरकू लागली. पहिलं नाव वेसनाचं होतं. मेंढपाळ बाईच्या भूमिकेपुढं लिहिलं होतं, स्थानिक महिला.