मिसळणाच्या डब्यातले रंग

प्रिय ईशान आणि मीरा,

परवा व्हिडिओ कॉलवर तुम्ही विचारलंत, "आजी, तुझ्या स्वयंपाकघरातल्या चित्रातलं झाड लाल का?" मी हसून टाळलं. पण पुढच्या महिन्यात मी लहान फ्लॅटमध्ये जाते आहे आणि ते चित्र तुमच्याकडे येणार आहे. त्याची हकीकत सोबत हवी.

"थांबा, मी अजून बघतोय." हे त्यांचं वाक्य. सिंगापूरच्या बुकित पंजांग भागातल्या आमच्या ब्लॉकमध्ये, आठव्या मजल्याच्या टोकाला राहणारे इंग्रज गृहस्थ. लिफ्टचं दार हाताने अडवून ते खालच्या डेरेदार, हिरव्यागार रेन ट्रीकडे बघत राहायचे. आत आम्ही भाजीच्या पिशव्या धरून उभे. कुणी खाकरलं की हे वाक्य.

ते लेखक आणि चित्रकार. तरुणपणी देशोदेशी हिंडून पुस्तकं लिहिली, चित्रंही स्वतःचीच. सिंगापूरला सहा आठवड्यांसाठी आले, इथल्याच मुलीशी लग्न केलं आणि राहिले. मी ओळखू लागले तेव्हा बायको जाऊन काही वर्षं झाली होती. मी शाळेच्या ग्रंथालयातून निवृत्त झालेली, म्हणून त्यांचं लिखाण टाइप करायचं काम माझ्याकडे आलं. माझी पानं बघून म्हणायचे, "मॅडम, तुम्ही वाक्यांनाही इस्त्री करता."

मग त्यांची नजर गेली. कडेचं दिसे, समोरचं दिसेना. रंग तर सगळे राखाडी. शेवटच्या पुस्तकाचं फक्त मुखपृष्ठ राहिलं होतं, तेच रेन ट्री. प्रकाशक म्हणाला, दुसऱ्याकडून करून घेतो. "माझ्या पुस्तकावर परक्याचं झाड नको," ते म्हणाले. पण ट्यूबवरची नावं वाचता येईनात.

फोडणी करताना मला सुचलं. मिसळणाच्या डब्यात मी बघते कुठे? हात जातो तिथे मोहरी असते. माझा जुना डबा घेऊन गेले. मध्ये हळदीच्या जागी पिवळा, घड्याळातल्या बाराच्या ठिकाणी तिखटाच्या जागी लाल, सहाच्या ठिकाणी जिऱ्याच्या जागी हिरवा, उरलेल्या वाट्यांत बाकीचे रंग. बाराची खूण म्हणून कडेला चिकटपट्टी लावली. दोन दिवसांत त्यांनी खोड आणि आकाश रंगवलं. उरली पानं.

तिसऱ्या दिवशी सकाळी मला तो बरबटलेला डबा बघवेना. वाट्या बाहेर काढून मी तो घासला, वाट्या परत लावल्या. चिकटपट्टी कधी निघाली, कळलंच नाही.

दुपारी चहा घेऊन गेले तर सगळं झाड लाल. मी ठेवताना डबा उलटा फिरला होता, हिरव्याच्या जागी लाल आला होता.

"कसं झालंय?" त्यांनी विचारलं.

मी चहाचा कप त्यांच्याजवळ ठेवला.

"मॅडम, सांगा ना. काय झालं?"

सांगितलं. त्यांनी ब्रश खाली ठेवला. "पुन्हा करायची ताकद नाही," एवढंच म्हणाले.

"चूक माझी. मी डबा घासला," मी म्हटलं. मला रडू येत होतं.

डब्यातल्या वाट्या चाचपत ते म्हणाले, "लाल म्हणजे कसा? तुमच्या तिखटासारखा?"

"हो. बेडगी मिरचीचा."

ते उठले, मान वळवून डोळ्याच्या कडेने चित्र न्याहाळू लागले. चहा निवला. मी कप उचलायला गेले तर म्हणाले, "थांबा, मी अजून बघतोय." आणि मग, "पाठवून द्या. माझंच आहे."

पुस्तक आलं तेव्हा ते छातीशी धरून खाली कॉफी प्यायला गेले. कॉफीवाली आंटी तिच्या सिंगापुरी ढंगात म्हणाली, "अंकल, रेन ट्री लाल कुठे असतं, लाह!"

"आठव्या मजल्यावरून दिसतं," ते म्हणाले.

त्याच वर्षी ते गेले. आता पुस्तक कुठे मिळत नाही. झाडही वादळात पडलं. अजूनही लिफ्टचं दार बंद होताना मी हात मध्ये घालते, झाडाची मोकळी जागा बघते, आणि मागच्यांची क्षमा मागते.

चित्र आहे, प्रकाशकाकडून परत आल्यावर त्यांनीच मला दिलेलं. डबाही आहे, चित्राबरोबर पाठवते आहे. त्या दिवसानंतर मी तो घासलेला नाही.